ब्रेक ऑइल जातंय कुठे? १९९९च्या झेनच्या मागच्या पाइपांचं प्रकरण

गाडी १९९९ची मारुती झेन, मीटरवर ९४ हजार किलोमीटर. मुक्काम प्रभादेवीत, समुद्राच्या बाजूच्या गल्लीत, उघड्यावर. वापर बेताचा: आठवड्यातून दोन-तीनदा दादर-परळ, महिन्यातून एखादी पनवेलची फेरी. मालकीणबाईंची तक्रार एवढीच होती की हँडब्रेक पूर्ण खाली असतानाही वळणावर लाल दिवा लुकलुकतो.

पहिल्या गॅरेजने हँडब्रेकचा स्विच बदलला. दिवा लुकलुकतच राहिला. दुसऱ्याने बॉनेट उघडून "ऑइल कमी होतं, भरलं" असं सांगितलं आणि दिवा विझला. एकोणीस दिवसांनी तो पुन्हा पेटला, पुन्हा ऑइल भरलं गेलं. त्यानंतरच्या आठवड्यात सिग्नलला थांबताना पेडल नेहमीच्या जागी न लागता जवळजवळ जमिनीपर्यंत गेलं. गाडी थांबली, पण उशिरा थांबली. तिथून ती टोइंगच्या गाडीवर वडाळ्याच्या एका गॅरेजात आली.

तो दिवा हँडब्रेकचा असतो, तसाच ब्रेक ऑइलच्या बाटलीतल्या तरंगत्या स्विचचाही असतो. पातळी खालच्या खुणेच्या आसपास असली की वळणावर ऑइल एका बाजूला जातं, तरंगा खाली बसतो आणि दिवा क्षणभर पेटतो. सरळ रस्त्यावर विझतो. वळणावर लुकलुकणारा दिवा म्हणूनच आधी बाटलीकडे बघायला सांगत असतो.

ब्रेकची यंत्रणा बंदिस्त आहे. इंजिन ऑइल थोडंफार जळतं, हे ऑइल जळत नाही. पातळी उतरायला कारणं दोनच. पॅड झिजले की ते डिस्कवर दाबणाऱ्या कॅलिपरचा पिस्टन बाहेर सरकतो आणि त्यामागची जागा भरायला ऑइल खाली जातं. पण त्याला हजारो किलोमीटर लागतात. या गाडीच्या पुढच्या पॅडवर ७ मिलिमीटर मटेरियल शिल्लक होतं. वरच्या खुणेवरून खालच्या खुणेवर एकोणीस दिवसांत यायचं दुसरं कारण म्हणजे गळती. "ऑइल भरलं" या वाक्याने दुरुस्ती संपत नाही, तिथे तपासणी सुरू व्हायला हवी होती.

अर्धा ब्रेक का उरला

पेडल दाबल्यावर ऑइलला दाब देणाऱ्या मास्टर सिलिंडरमध्ये एकामागोमाग दोन पिस्टन असतात आणि दोघांची सर्किटं वेगळी. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या बहुतेक छोट्या गाड्यांत ही विभागणी तिरकी असते: एका सर्किटवर डावं मागचं आणि उजवं पुढचं चाक, दुसऱ्यावर उजवं मागचं आणि डावं पुढचं. एक सर्किट रिकामं झालं की त्याचा पिस्टन दाब न बनवता तसाच पुढे सरकतो, टेकायला काही सापडेपर्यंत. पेडलचा तो रिकामा प्रवास म्हणजे हाच. त्यानंतर दुसरं सर्किट लागतं, एका पुढच्या आणि एका मागच्या चाकाचा ब्रेक मिळतो. पेडल खोल जातं, थांबायचं अंतर वाढतं, पण गाडी थांबते. अशा वेळी घाबरून पाय उचलू नये. पेडल पूर्ण खालपर्यंत आणि जोरात दाबायचं.

शोध

गॅरेजातल्या पोराने पहिल्याच मिनिटाला निदान केलं: मास्टर सिलिंडर गेलाय. पेडल खाली गेलं की सगळे आधी तिकडेच बोट दाखवतात, कारण तो समोर दिसतो आणि दोन नट काढले की हातात येतो. पण मास्टरची आतली सील गेली तर ऑइल आतल्या आत एका बाजूने दुसऱ्या बाजूला निसटतं. पेडल बसत जातं, बाटली मात्र भरलेलीच राहते. इथे बाटली उतरत होती. अपवाद एकच, मागची सील गळून ऑइल बूस्टरमध्ये, म्हणजे पायाचा जोर वाढवणाऱ्या मागच्या डब्यात, साचण्याचा. बाहेर थेंब दिसत नाही, पातळी मात्र उतरते. त्यासाठी मास्टर बूस्टरपासून बोटभर पुढे ओढून मागे कागदाची पट्टी घातली. कोरडी निघाली. मास्टर निर्दोष सुटला.

मग चाकं. गाडी चारही बाजूंनी घोड्यांवर (जॅक स्टँडवर) घेतली. नुसत्या जॅकवर ठेवून खाली शिरायचं नाही, पाच मिनिटांच्या कामासाठीही नाही. पुढचे कॅलिपर कोरडे. मागचे ड्रम काढून आतल्या, ब्रेक ड्रमवर दाबणाऱ्या व्हील सिलिंडरच्या रबरी टोप्यांची कड स्क्रूड्रायव्हरने उलटून पाहिली. आत हलका ओलावा चालतो, थेंब ओघळला तर सिलिंडर बाद. दोन्ही कोरडे. चाकांजवळचे चार रबरी होज बघितले: बाहेरून बारीक भेगा, पण गळती नाही.

उरल्या पुढून मागे जाणाऱ्या दोन लोखंडी नळ्या. इंजिनमागच्या पत्र्यावरून त्या खाली उतरतात, पेट्रोलच्या नळीबरोबर फरशीखालून मागच्या चाकांपर्यंत जातात. पोराला गाडीत बसवून, इंजिन चालू ठेवून पेडल जोरात दाबून धरायला सांगितलं आणि खालून टॉर्च मारला. पहिली दहा सेकंदं काही नाही. मग डाव्या बाजूच्या तिसऱ्या प्लॅस्टिक क्लिपच्या खालच्या ओठावर एक थेंब जमला, फुगला आणि क्लिपच्या कडेने मागे पळाला. गाडी चालताना तो थेंब वाऱ्याने फरशीच्या काळ्या कोटिंगवर पसरत असणार. म्हणून पार्किंगमध्ये जमिनीवर डाग नव्हता.

तो थेंब ब्रेक ऑइलचाच होता हे ओळखायला पाण्याची वाटी पुरते. ब्रेक ऑइल पाण्यात विरघळून जातं, इंजिन ऑइल तवंग धरतं. नाव "ऑइल" पडलंय, पण साध्या डॉट ३, डॉट ४ या प्रकारांचा तेलाशी संबंध नाही; ते ग्लायकॉलचं द्रव आहे आणि हवेतलं पाणी ओढतं. याच कारणाने त्यात चुकून पेट्रोल, डिझेल किंवा इंजिन ऑइल गेलं तर सगळी रबरी सील फुगतात आणि मास्टरपासून चाकापर्यंत सगळं बदलावं लागतं.

क्लिपखालीच का सडते

मूळ नळी साधी लोखंडी नसते. तांब्याचा मुलामा दिलेली पोलादी पट्टी दोनदा गुंडाळून भट्टीत जोडलेली असते, म्हणजे भिंत दुपदरी, आणि बाहेरून जस्ताचा थर. बाहेरचा व्यास ४.७५ मिलिमीटर, भिंत सुमारे ०.७. दाब सोसायला ही भिंत भरपूर आहे, गंज सोसायला मात्र नाही.

मुंबईत समुद्राकाठी उभ्या गाडीवर खारा दमट वारा वर्षभर बसतो. मोकळ्या भागावरचं मीठ पावसाने धुऊन तरी निघतं. क्लिपखाली ते निघत नाही. दादर-परळच्या हिंदमाताला पाणी तुंबतं तेव्हा हबपर्यंत बुडालेली गाडी गाळ घेऊन बाहेर येते, तो बारीक गाळ क्लिप आणि नळी यांच्यामधल्या फटीत शिरतो आणि पोटिसासारखा ओला राहतो. फटीतल्या पाण्यात प्राणवायू कमी, बाहेर जास्त. हा फरकच गंज खोलवर ओढतो. वरून हळूहळू पोखरण्याऐवजी टाचणीने टोचल्यासारखे खड्डे पडतात. या गाडीवर आणखी एक भर होती: गंज थांबावा म्हणून कधीतरी फरशीवर डांबरी कोटिंग मारलेलं, तेही क्लिपांसकट. त्याने आतलं पाणी आतच कोंडलं.

काढलेली डावी नळी गॅरेजच्या बाकड्यावर ठेवून प्रत्येक क्लिपच्या जागी चाकूने खरवडली. तिसऱ्या क्लिपला भोक होतंच, सुईच्या टोकाएवढं. दुसऱ्या आणि पाचव्या क्लिपच्या जागी गंजाची खपली निघाल्यावर खाली अर्ध्याहून जास्त भिंत खाल्लेली. चौथ्या क्लिपला फक्त रंग उडालेला. दोन क्लिपांमधली नळी मात्र हिरवट-काळी, गुळगुळीत, नव्यासारखी. लांबून बघणाऱ्याला ही नळी ठणठणीतच वाटली असती.

तुकडा की अख्खी नळी

उजव्या नळीवर मागच्या चाकाच्या फूटभर आधी एक पितळी जोड सापडला. पूर्वी कोणीतरी सडलेला वीतभर तुकडा कापून फ्रिजच्या कामात वापरतात तसल्या रिंगच्या जोडाने नवा तुकडा बसवला होता. तो गळत नव्हता. साहजिकच सूचना आली: "हा टिकलाय ना, मग डावीकडेही तसाच लावू. अर्ध्या तासाचं काम."

तो टिकला होता हा पुरावा धरता येत नाही, याचा हिशेब सोपा आहे. पायाचा २५ किलोचा जोर पेडलच्या तरफेने चौपट होतो, बूस्टर त्यात भर घालून समजा तिप्पट करतो: ३०० किलो. मास्टरचा व्यास २० मिलिमीटर धरला तर आतला दाब नव्वद बारच्या वर जातो. टायरमध्ये दोनच्या आसपास असतो. १०० बारला ४.७५च्या नळीला जोडातून बाहेर ढकलणारा जोर सुमारे १८ किलो येतो, आणि तो प्रत्येक ब्रेकला येतो-जातो, वर गाडीची थरथर. रिंगचा जोड नळीला फक्त आवळून धरतो. फ्लेअरमध्ये नळीचं टोकच उमलवून नटच्या मागे अडकवलेलं असतं, ते निसटू शकत नाही. रिंगचा जोड रोजच्या हलक्या ब्रेकला वर्षानुवर्षं धरून राहील आणि ज्या दिवशी कोणी अचानक समोर येईल त्या दिवशी सुटेल, कारण पूर्ण दाब त्याच दिवशी येतो. पेट्रोलची रबरी नळी आणि दोन क्लॅम्प लावून "सध्यापुरतं" करणाऱ्यांबद्दल तर बोलायलाच नको.

फ्लेअर मारून नीट जोड देणं चालतं, पण या गाडीत कशाला? तिसऱ्या क्लिपजवळ जोडलं तरी दुसरी आणि पाचवी क्लिप वाट बघतच होत्या. म्हणून मागच्या दोन्ही लांब नळ्या, होजपासून व्हील सिलिंडरपर्यंतच्या दोन छोट्या नळ्या आणि चारही होज असं काम ठरलं. होज बाहेरून गळत नव्हते, पण पंचवीस वर्षांचं रबर आतून फुगतं. कधी आतला पापुद्रा सुटून झडपेसारखा वागतो, ब्रेक लागतो आणि सुटत नाही. बॉनेटखालच्या पुढच्या नळ्या कोरड्या, रंग शाबूत. त्यांना हात लावला नाही.

सामान

नळ्या सुतळीने मापल्या: २.९५, ३.१०, ०.३५ आणि ०.४५ मीटर, एकूण ६.८५. तांबं-निकेलच्या नळीचं २५ फुटी वेटोळं ७.६२ मीटरचं येतं, म्हणजे सरावाला पाऊण मीटर उरते. ही नळी ९० टक्के तांबं आणि १० टक्के निकेल असलेल्या मिश्रधातूची, व्यास तोच ४.७५, हाताने वाकते आणि खाऱ्या हवेत सडत नाही. मुंबईतल्या ऑपेरा हाउसच्या स्पेअर पार्टच्या दुकानांत नुसतं "तांब्याची नळी" म्हटलं तर फ्रिज-एसीची शुद्ध तांब्याची नळी पुढे येते. ती घेऊ नये. थरथरीने शुद्ध तांबं कडक होत जातं आणि फ्लेअरच्या मानेशी तडकतं. रंगावरून दोन्हींतला फरक ओळखायला जाऊ नये, ब्रेकसाठी असल्याचा छाप असलेलं वेटोळंच घ्यावं. मूळसारखी तयार पोलादी नळी मिळाली तर तीही उत्तम, फक्त वाकवताना कष्ट जास्त.

नट दहा घेतले, आठ लागतात. झेनवर एम १० गुणिले १.० आट्यांचे (व्यास १० मिलिमीटर, दोन आट्यांमधलं अंतर १.०) नट आणि दुहेरी फ्लेअर आहे. युरोपियन गाड्यांवर बहुधा फुग्याच्या आकाराचा फ्लेअर असतो. एकाच्या जागी दुसरा बसत नाही, कितीही आवळला तरी.

नटच्या पाकिटात खरी गंमत झाली. दहापैकी तीन नट हाताने फिरवल्यावर जोडात फार सहज जात होते, आणि अर्धे गेल्यावर बोटाने हलवले की डुलत होते. मापायचा व्हर्नियर कॅलिपर लावून बघितल्यावर आट्यांचा बाहेरचा व्यास ९.४५ निघाला, बाकीच्या सातांचा ९.९. ते तीन इंची मापाचे होते, तीन अष्टमांश इंच, इंचाला २४ आटे. आट्यांचं अंतर १.०६ मिलिमीटर, म्हणजे १.०च्या इतकं जवळ की डोळ्याला फरक दिसत नाही. असा नट एम १०च्या भोकात बसतो, आवळतोसुद्धा, आणि मग एका जोरात आटे सोलून बाहेर येतो. उलट प्रकार, एम १०चा नट इंची भोकात, दोन आट्यांतच अडकतो. तो निदान सांगून तरी जातो. प्रत्येक नवा नट जुन्या होजच्या टोकात आधी हाताने फिरवून बघायचा. डुलला की टाकायचा.

बाकी: डॉट ४ ब्रेक ऑइलचे अर्ध्या लिटरचे दोन सीलबंद डबे. बाटलीच्या झाकणावर डॉट ३ आहे. डॉट ४ त्यात चालतं, उत्कलनबिंदू वरचा आहे, कोरड्या अवस्थेत किमान २३० अंश, डॉट ३चा २०५. पाणी शोषल्यावर हेच आकडे १५५ आणि १४० वर येतात. सिलिकॉनचं डॉट ५ मात्र यात घालायचं नाही, नाव पुढच्या आकड्याचं असलं तरी. उघडा पडलेला डबा मुंबईच्या जुलैत ठेवून देऊ नये. होज कॅलिपरला जोडणाऱ्या बॅन्जो बोल्टच्या तांब्याच्या नव्या वॉशर, नव्या क्लिपा, गंजलेले नट सोडवणारं भेदक तेल, छोटा पाइप कटर, फ्लेअरिंगचा सेट आणि १० नंबरचा फ्लेअर नट पाना. हा पाना रिंग पान्यासारखाच, फक्त नळी आत जाईल एवढी फट असलेला. साध्या दोन तोंडी पान्याने जुना नट गोल होतो, आणि गोल झालेला नट हे या कामातलं निम्मं दुखणं असतं.

काढणं

आदल्या संध्याकाळी सगळ्या नटांवर भेदक तेल सोडलं. सकाळी पेडल तीन-चार सेंटिमीटर दाबून सीटला टेकवलेल्या लाकडी काठीने तसंच ठेवलं. पेडल एवढं दाबलेलं असलं की मास्टरमधलं बाटलीकडचं छिद्र बंद होतं आणि नळी उघडली तरी बाटली रिकामी होत नाही. मास्टर कोरडा पडला तर पुढचे दोन तास हवा काढण्यात जातात. एक लक्षात राहत नाही: पेडल दाबलेलं म्हणजे मागचे ब्रेक लाइट चालू. बॅटरीची तार काढून ठेवायची.

डावीकडचा होजकडचा नट नळीला घट्ट चिकटला होता. तो फिरला की नळीही पिळायची. इथे ज्योत लावून तापवायचा मोह टाळला, वीतभर अंतरावर पेट्रोलची नळी आहे. नळी बदलायचीच होती म्हणून ती नटच्या अगदी जवळ कापली आणि सहा कोनी सॉकेट वरून सरळ बसवून नट काढला. उजव्या व्हील सिलिंडरचा हवा काढायचा निपल मात्र मुळाशीच तुटला. तुटका निपल ड्रिल करून काढण्यात अर्धा दिवस घालवण्यापेक्षा नवा व्हील सिलिंडर स्वस्त पडतो. दोन्ही बाजूंचे नवे लावले. एका बाजूला नवा आणि दुसऱ्या बाजूला जुना, असं मागच्या ब्रेकला करू नये.

फ्लेअर

सरावाच्या तुकड्यावर आधी चार फ्लेअर मारून बघितले. पहिला तिरका, दुसरा चिरलेला, पुढचे दोन बरे.

कटर हलक्या हाताने, प्रत्येक फेरीला किंचित आवळत फिरवायचा. घाई केली की नळीचं तोंड आत चेपतं. हॅक्सॉ वापरायचाच नाही, बुरा आत जातो. तोंडाची आतली-बाहेरची धार काढायची. मग नट नळीवर आधी चढवायचा, आट्यांचं तोंड टोकाकडे. हे लिहायला हास्यास्पद वाटतं, पण सुंदर फ्लेअर झाल्यावर नट बाकड्यावरच पडलेला दिसणं हा प्रत्येक गॅरेजातला नेहमीचा प्रकार आहे.

नळी चिमट्यात अशी धरायची की बाहेर आलेलं टोक सेटमधल्या त्या मापाच्या बटणाच्या (पायरी असलेल्या छोट्या ठोकळ्याच्या) पायरीएवढंच उंच असेल. टोकावर ब्रेक ऑइलचा थेंब. पहिल्या दाबात बटणाने टोक आत दुमडतं, बटण काढून दुसऱ्या दाबात शंकूने दुमड बसते आणि दुहेरी भिंतीचं ४५ अंशाचं तोंड तयार होतं. फक्त शंकू मारून केलेला एकेरी फ्लेअर ब्रेकला चालत नाही, कडेला चिरतो. तयार फ्लेअर भिंगाखाली बघायचा: कड सगळीकडे सारख्या रुंदीची हवी, भोक मधोमध, चीर नाही.

वाकवायला छोट्या बेंडरची खाच वापरली. नसेल तर सॉकेटभोवती अंगठ्याने हळूहळू. वाकवताना चेपून चपटी झालेली नळी सरळ करून वापरू नये. तयार नळीत हवा मारून, दोन्ही टोकं टेपने बंद करून मगच ती गाडीखाली न्यायची.

बसवताना दोन्ही टोकांचे नट आधी बोटाने चार-पाच आटे जायला हवेत, पाना त्यानंतर. क्लिप साधारण ३० सेंटिमीटरवर एक, हँडब्रेकच्या तारेपासून आणि सायलेन्सरपासून अंतर ठेवून. तांबं-निकेल थेट पत्र्याला टेकू द्यायचं नाही. खाऱ्या पाण्यात दोन धातू टेकले की पत्रा गंजतो, म्हणून मध्ये प्लॅस्टिक किंवा रबर. नट १५ ते १८ न्यूटन मीटरला आवळले. टेफ्लॉन टेप कुठेही नाही. जोडाचं पाणी-तेल अडवतो तो फ्लेअर, आटे नाहीत; टेपने गळती थांबत नाही आणि तिचा धागा मास्टरच्या छिद्रात जाऊन बसतो.

हवा काढणं, आणि अडलेलं पेडल

क्रम: डावं मागचं, उजवं पुढचं, उजवं मागचं, डावं पुढचं. गाडीच्या मॅन्युअलमध्ये वेगळा क्रम दिला असेल तर तोच धरायचा. निपलला पारदर्शक नळी, तिचं टोक खाली ठेवलेल्या वेगळ्या बाटलीत ऑइलमध्ये बुडवलेलं. एकजण दाबतो आणि "दाबलं" म्हणतो, खालचा निपल पाव फेरी उघडतो, बंद करतो, मग "सोड". बंद व्हायच्या आधी पाय सुटला की हवा परत आत. दर आठ-दहा दाबांनंतर वरची ब्रेक ऑइलची बाटली बघायची. पेडलखाली लाकडाचा ठोकळा ठेवला होता: जुन्या मास्टरचा पिस्टन रोज जेवढा जातो त्यापलीकडे भिंतीवर गंज आणि मळी असते, तिथपर्यंत ढकलला की चांगली सीलही फाटते.

एक लिटरपैकी पाऊण लिटर गेलं, बुडबुडे थांबले, तरी पेडल खालीच लागत होतं. पुन्हा हवा काढायच्या आधी पेडलची जात ओळखली. दाबल्यावर स्पंजासारखं लवलवत असतं तर हवा. इथे ते खाली लागत होतं, पण लागल्यावर दगडासारखं घट्ट, आणि लागोपाठ दोनदा मारलं की वर येत होतं. म्हणजे हवा नाही. मागच्या ब्रेकचे लायनर (ड्रमवर घासणारे पट्टे) ड्रमपासून लांब आहेत. उजव्या ड्रममधला आपोआप जुळवून घेणारा ॲडजस्टर गाळाने जाम झालेला निघाला. साफ करून, ब्रेकचं उष्णता सोसणारं ग्रीस अगदी थोडं लावून जुळवला. ड्रम हाताने फिरवताना हलकी घासण ऐकू यावी, अडकू नये. पेडल दोन इंच वर आलं.

शेवटी प्रत्येक जोडाभोवती कोरड्या पांढऱ्या टिश्यूची पट्टी गुंडाळली आणि इंजिन चालू ठेवून पेडल जोरात मिनिटभर धरलं. आठपैकी सात पट्ट्या कोरड्या. उजव्या होजकडची पट्टी एका बाजूला ओली. नट आणखी आवळला, पुन्हा ओली. उघडल्यावर फ्लेअरची कड एका बाजूला बारीक दिसली. असा जोड आवळून बरा होत नाही. टोक कापून नवा फ्लेअर मारला, त्या चाकाची पुन्हा हवा काढली, पट्टी कोरडी राहिली.

सांडलेलं ऑइल लगेच पाण्याने धुतलं, नाहीतर रंग फुगून निघतो. काढलेलं जुनं ऑइल बंद बाटलीत, गटारात नाही आणि वापरलेल्या इंजिन ऑइलच्या पिंपातही नाही. दोन माणसांचं हे दीड दिवसाचं काम झालं.

रस्त्यावर नेण्याआधी गाडी गॅरेजच्या आवारातच पायी चालण्याच्या वेगाने दहादा थांबवली. मग मोकळ्या रस्त्यावर २०च्या आणि ४०च्या वेगाने. परत आल्यावर चारही चाकांच्या रिमला हात लावला: एखादं इतरांपेक्षा फार गरम असेल तर तिथला ब्रेक सुटत नाहीये.

नव्या क्लिपांवर डांबरी कोटिंग मारलं नाही, मेणाचा पातळ स्प्रे तेवढा दिला. बाटलीवर मार्करने पातळीची रेघ आणि तारीख टाकली. शंभर किलोमीटरनंतर आणि पुढच्या मोठ्या पावसानंतर पट्ट्या पुन्हा लावल्या, कोरड्या होत्या. पातळी रेघेवरच होती. पुढच्या डाव्या चाकाच्या कमानीतली एक क्लिप मात्र जुनीच आहे. पाऊस संपला की ऑक्टोबरमध्ये ती उघडून खरवडून बघायची, असं मालकीणबाईंच्या बिलाच्या मागे लिहून दिलं आहे.